सातव्या भागातली खिडकी

नूरूमामांच्या दफनाला गावातली बरीच भली माणसं आली होती, आणि त्यांतल्या जवळजवळ प्रत्येकानं मला बाजूला घेऊन आपण का आलो याचं कारण सांगितलं. कुणाच्या मुलीच्या लग्नाचं शूटिंग मामांनी केलं होतं. कुणाला त्यांच्या दुकानावरून रोज जावं लागे. एका वकिलांनी 'माणुसकी म्हणून' एवढंच सांगितलं आणि रुमाल तोंडावर धरला. मी मान हलवत राहिलो. मयताला जायला कारण लागतं, हे मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं. एकटे आप्पा थोरात काही बोलले नाहीत. कब्रस्तानाच्या फाटकापाशी कुणीतरी आणून दिलेल्या खुर्चीवर ते शेवटपर्यंत बसून राहिले.

खरं कारण कुणी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. वाचनालयात आयुष्य काढलेल्या माणसाला कोण काय नेतं यावर गप्प राहायची सवय असते. मामांनाही ती होती. आमच्यात साम्य म्हणावं तर एवढंच.

शिरूरला आमची इमारत दुमजली. वर वाचनालय, खाली मामांची व्हिडिओ लायब्ररी. रस्त्यावरून दोन्ही पाट्या एकाखाली एक दिसत आणि परगावचा माणूस हमखास चुकीच्या ठिकाणी शिरे. वर लोक शब्दकोडं सोडवायला आणि पंख्याखाली बसायला येत. उत्सुकता, चिकाटी, पुढच्या भागाची ओढ, पुस्तक वेळेवर परत करण्याची तळमळ, असे वाचकाचे जे जे गुण मला ग्रंथपालाच्या शिक्षणात शिकवले होते, ते सगळे मला खालच्या गिऱ्हाइकांत दिसत.

मामा मूळचे वडगाव रासाईचे. वडील भीमेच्या वाळूत कलिंगडाच्या वाड्या लावत, त्यामुळे नदीचं पात्र त्यांना आपल्या अंगणासारखं माहीत. उंच, किडकिडीत, डोक्याला पांढरी टोपी, चष्म्याची काडी दोऱ्यानं बांधलेली. दिवसभर काडीला कापूस गुंडाळून स्पिरिटमध्ये बुडवायचा आणि व्हीसीआरचं हेड पुसत बसायचं. लग्नसराईत खांद्यावर कॅमेरा. गुरुवारी मोपेडला पिशवी अडकवून पारगावच्या पुलावरून केडगाव, तिथून दौंड. दौंडच्या रेल्वे क्वार्टर्समध्ये त्यांची वाट पाहणारी घरं होती.

पिशवीत वर हिंदी सिनेमे असत. खाली नंबरवाल्या.

नंबरवाली हे गावानं ठेवलेलं नाव. कुठल्याशा परदेशात काढलेली ती सोळा भागांची मालिका होती. ती कुठल्या थेटरात कधी लागली नाही, लागायचीही नव्हती. सरळ कॅसेटीवरच जन्मलेली. कॅसेटीच्या पाठीवर नाव नाही, फक्त आकडा. दुकानाच्या मागच्या बाजूला पडदा, पडद्यामागं लोखंडी कपाट. कोवळ्या पोरांना मामा दारातूनच परत पाठवत. मोठी माणसं येत आणि चपलेचं माप सांगावं तसं हळूच सांगत, "आठ द्या." मामा वर्तमानपत्रात गुंडाळून देत. गावाची अब्रू राखण्यात वर्तमानपत्रांचा वाटा मोठा आहे, आणि ती वर्तमानपत्रं आमच्या रद्दीतली असत.

मामांनी ते सोळाही भाग पाहिले होते. पाहणं भागच होतं, टेपवर कुठं मुंग्या आल्यात का ते तपासावं लागे. पडद्यावर खरखर दिसू लागली की गाव त्याला मुंग्या म्हणे. एकदा दुपारी चहा पिताना ते मला म्हणाले, "सर, एक गोष्ट ध्येनात आली का? सोळा भाग झाले, सोफा त्योच हाय."

मी म्हणालो, मी पाहिलेले नाहीत.

"व्हय, व्हय," मामा म्हणाले. विश्वास ठेवल्यासारखं दाखवण्यात ते फार सभ्य होते. "खोळ बदलत्यात नुसती. खुदानं एवढा मुलूख दिलाय त्यांला, डोंगर काय, दऱ्या काय. आन् ही माणसं खोलीच्या भाईर पाय ठेवंनात."

सोळा भागांवर एवढीच एक टीका मी त्यांच्या तोंडून ऐकली. नैतिक प्रश्न त्यांना पडलाच नाही असं नाही. घरी मामी तो प्रश्न रोज जेवताना वाढत. पण मामांचं खरं दुःख वेगळं होतं. सातव्या भागात, साधारण मध्यावर, सोफ्यामागच्या खिडकीचा पडदा कुणाचा तरी धक्का लागून सरकतो. चार सेकंद बाहेरचं दिसतं. बाहेर एक लाल डोंगर आहे आणि डोंगराला आरपार भोक आहे. भोकातून पलीकडचं आभाळ दिसतं. मग कॅमेरा पुन्हा आपल्या कामाला लागतो.

मामांनी तो डोंगर पेन्सिलीनं कागदावर काढून माझ्याकडं आणला. "ह्ये कुठलं, ते शोधून द्या."

मी आमच्याकडचे सगळे जाडे कोश काढले. भोक असलेले बरेच डोंगर सापडले, पण मामा प्रत्येकाला नाही म्हणत. "ह्याचं भोक गोल हाय. त्येचं जरा कलतं व्हतं." प्रसिद्ध नवलांच्या यादीत तो डोंगर नव्हताच. त्याच्यापुढं सोफा ठेवायला कुणी परवानगी मागितली नसावी, इतका तो अप्रसिद्ध होता. मामा रोज ते चार सेकंद मागं-पुढं करून पाहत, थांबवून पाहत. त्यामुळं ती टेप नेमकी तिथंच झिजली.

दौंडचा एक रेल्वेवाला तक्रार घेऊन आला तेव्हा मी दुकानातच होतो. "मामा, सातवीत ऐन येळंला मुंग्या येत्यात की वो."

"ऐन येळ कंची?" मामांनी विचारलं.

तो माणूस छताकडं बघू लागला. तो गेल्यावर मामा मला म्हणाले, "आता त्येची ऐन येळ येगळी आन् माजी येगळी. त्येला मी काय करू?"

त्यांची आणखी एक सवय सांगायला हवी. दुकानात पाटी होती, 'कॅसेट गुंडाळून परत द्यावी', म्हणजे टेप उलटी फिरवून सुरुवातीला आणून. हिंदी सिनेमे नेणारे गुंडाळून देत. नंबरवाली नेणारे देत नसत, कारण ते घाईत असत. कोण कुठं थांबलं ते त्यामुळं मामांना कळे. परत आलेली कॅसेट ते आधी मशिनमध्ये घालून पाहत आणि मगच गुंडाळत. माणूस कुठं पुढं जातो यापेक्षा कुठं थांबतो त्यावरून कळतो, असं त्यांचं मत होतं. कोण कुठं थांबलं ते मात्र त्यांनी मला कधीच सांगितलं नाही. शिवाय एक कॅसेट एकाच घरी राहत नसे. शनिवारी निघालेली नंबरवाली मंगळवारी परत येई, मधे चार घरं फिरलेली असत. त्या काळात सहकार जिल्ह्यात सगळीकडंच जोरात होता.

आता नदीकडं येतो.

निघोजचे रांजणखळगे सगळ्यांना ठाऊक आहेत. शाळेच्या सहली जातात. मामांचे खळगे कुणाला ठाऊक नव्हते. रासाई आणि मांडवगण फराटा यांच्या मधे कुठंशी, भीमेच्या पात्रात, काळ्या खडकाचा एक पट्टा होता. त्यावर लहान-मोठे खळगे होते. सगळ्यांत शेवटी तीन रांजण, एकाच्या पोटात दुसरा, दुसऱ्याच्या पोटात तिसरा. तिसऱ्याच्या तळाशी नारळाएवढा गोल गोटा. मामा मला तिथं घेऊन गेले होते. पालथं पडून हात खांद्यापर्यंत आत घातला की बोटं गोट्याला लागत. पाण्याबरोबर वाहत आलेला एक धोंडा खडकाच्या खाचेत अडकला आणि पाणी त्याला तिथल्या तिथं फिरवत राहिलं, किती हजार वर्षं कोण जाणे.

"गोटा झिजला, खडक झिजला," मामा म्हणाले. "भांडण कुणाचं, आन् नक्षी कशी पडली बघा."

त्याच सुमारास त्या जागेच्या खाली बंधारा मंजूर झाला. दोन्ही काठांना आनंद झाला आणि तो रास्त होता. मामांच्या भावाचं शेतही त्याच पाण्यावर भिजणार होतं. मामा बंधाऱ्याविरुद्ध अक्षर बोलले नाहीत. "पाणी पायजेच. पाण्याला न्हाई म्हणणारा मी कोण? पर बुडायच्या आदी चार माणसांनी तरी बघाया नको व्हय?"

चार माणसं, एवढीच त्यांची मागणी होती. त्यासाठी त्यांनी तीन दिवस कॅमेरा घेऊन पात्र पिंजून काढलं. पहिला प्रयत्न केला तो मांडवगणच्या एका लग्नात. त्या काळी लग्नाच्या कॅसेटीत नवरा-नवरीच्या मागं बर्फाचे डोंगर आणि ट्यूलिपची शेतं जोडायची पद्धत होती. मामांनी त्या जागी भीमेचे रांजण जोडले. मुलीचा बाप कॅसेट घेऊन दुकानात आला. "नूरूभाई, माज्या पोरीच्या लग्नात खड्डे कशापायी दावलं?"

"पाव्हणं, स्वित्झर्लंड चालतं," मामा म्हणाले, "आन् तुमच्याच शिवारातलं न्हाई चालत व्हय?"

चाललं नाही. मामांना सगळं पुसून पुन्हा ट्यूलिप घालावे लागले.

मग त्यांनी वाचनालयाकडं अर्ज केला. वरच्या सभागृहात रविवारी सकाळी नदीची वीस मिनिटांची कॅसेट दाखवायची, टीव्ही आणि मशिन त्यांचंच. कार्यकारिणीपुढं तो अर्ज मीच वाचला. आप्पा थोरात आमचे अध्यक्ष. निवृत्त मुख्याध्यापक, पांढरं स्वच्छ धोतर, आवाज प्रार्थनेच्या वेळचा. व्हिडिओमुळं तरुण पिढीचं काय होतं यावर त्यांची दरवर्षी दोन व्याख्यानं होत. विषयाची त्यांची माहिती तपशीलवार होती, पण ती कुठून येते हे कुणी विचारत नसे. घरी त्यांनी व्हीसीआर प्रवचनांसाठी घेतला होता.

मामा टोपी नीट करून दाराशी उभे होते.

"नूरमहंमद, राग मानू नका," आप्पा म्हणाले. "पण हे सरस्वतीचं मंदिर आहे. असल्या माणसाची फिल्म इथं दाखवली तर लोक काय म्हणतील?"

"आप्पा," मामा म्हणाले, "ह्यात एकबी माणूस न्हाई. निस्ता खडक हाय. कपड्याचा सवालच येत न्हाई."

अर्ज नामंजूर झाला आणि कार्यवृत्तात मी 'पुढे ढकलला' असं लिहिलं. आमच्याकडं नामंजूर शब्द फारसा वापरत नाहीत.

मामा खाली गेले आणि कापसाची काडी घेऊन बसले. आठवड्याभरानं त्यांनी सातवा भाग काढला. मधे मुंग्या येऊन तो खराब झालाच होता. भरून आलेल्या कॅसेटीच्या कडेची चीप, चुकून पुसली जाऊ नये म्हणून, मोडलेली असते; त्या खाचेवर चिकटपट्टी लावली की कॅसेटीवर पुन्हा रेकॉर्ड होतं. मामांनी पट्टी लावली. खिडकीचा पडदा सरकतो, लाल डोंगर दिसतो, आणि त्यानंतर लगेच भीमा सुरू होते. सोफ्यावरची माणसं जणू उठून खिडकीतून बाहेर पाहू लागली. वीस मिनिटं नदी, शेवटी तीन रांजण आणि गोट्यावर मामांचा हात. त्यानंतर पुन्हा सोफा.

"मामा, लोक मारतील," मी म्हणालो.

"कोण मारील? मारायच्या आदी सांगावं लागंल ना, कंच्या कॅसेटीत बघितलं त्ये."

त्यांचं बरोबर होतं. तक्रार आली नाही. सातव्या भागाला मागणीही कमी झाली नाही, कारण सहा पाहिलेल्याला आठपर्यंत जायला सात पाहावाच लागे. कथानकाची अशी निष्ठा मी वर कादंबरीच्या वाचकांतही पाहिली नाही. फक्त सातवी परत येई ती खिडकीपाशीच थांबलेली. नदी सुरू झाली की लोक बंद करत, नाहीतर पळवत. मंगळवारी मामा कॅसेट मशिनमध्ये घालत, पाहत आणि गुंडाळत. बंधाऱ्याचे खांब उभे राहत होते. मामा दर गुरुवारी पुलावरून जाताना ते लांबून पाहत.

एका मंगळवारी ते जिना चढून वर आले. ते कधी वर येत नसत. माझ्या टेबलापाशी वाकून हळूच म्हणाले, "सर, सातवी गोट्यावर थांबलेली आली."

"म्हणजे?"

"म्हंजी समदी नदी बघितली कुणीतरी. आन् गोट्यावर बंद केली. फुडचं बघितलंच न्हाई." फुडचं म्हणजे सोफा. "चार घरं फिरून आलीय. कोण आसंल ओ?"

उत्तर द्यायला मला दोन-तीन महिने लागले.

वाचनालयाच्या वर्धापनदिनाची स्मरणिका काढायची होती. कार्यकारिणीत सात जण. कुणीतरी म्हणालं, तालुक्यातल्या प्रेक्षणीय स्थळांवर एक लेख हवा. दुसरा म्हणाला, आपल्याकडं आहे काय, खळगे होते तेही निघोजच्या वाट्याला गेले.

"नाही कसं?" आप्पा म्हणाले. शाळेत चूक दुरुस्त करायची सवय. "रासाईच्या खाली आहेत की. तीन रांजण, एकात एक. तिसऱ्याच्या तळाला गोटा आहे, नारळाएवढा. हात घातला की लागतो. निघोजला असं काही नाही."

आणि ते थांबले.

चार जणांनी आपापल्या चहाकडं पाहिलं. सातवे सदस्य नुकतेच बदलून आलेले होते, त्यांना काहीच माहीत नव्हतं. त्यांनी कौतुकानं विचारलं, "आप्पा, तुम्ही तिथं कधी गेला होतात?"

आप्पांनी चष्मा काढून धोतराच्या सोग्यानं पुसला. पुसून झाल्यावर पुन्हा पुसला. शेवटी कार्यकारिणीतले वकील म्हणाले, "कागदाचे दर वाढलेत, तो विषय आधी घेऊ."

तो लेख स्मरणिकेत आला नाही. पाहिलं बऱ्याच जणांनी होतं, पण लिहायचं कुणी हा प्रश्न होता.

मी बैठक संपल्यावर सरळ खाली गेलो आणि मामांना सांगितलं. मला वाटलं होतं, ते हसतील. हसण्यासारखंच होतं. त्यांनी हातातली काडी खाली ठेवली. "कुठवर बघितलं म्हणले?"

"गोट्यापर्यंत."

"म्हंजी त्ये आप्पा व्हते." त्यांनी काडी पुन्हा उचलली. मग म्हणाले, "एक झाला."

"आणखी चार जणांनी चहाकडं पाहिलं," मी म्हणालो.

"त्यांचं सोडा. त्यांनी पळवत बघितलं आसंल."

पुढच्या पावसानंतर बंधाऱ्याला फळ्या बसल्या आणि पाणी चढलं. मामांच्या भावाचा ऊस उभा राहिला. आम्ही कुणी त्याबद्दल दुःख केलं नाही, करायचं कारणही नव्हतं. आप्पा पुढं कधी दुकानात आले नाहीत. मामा त्यांना रस्त्यात भेटले की 'नमस्कार आप्पा' म्हणत आणि आप्पा 'नमस्कार' म्हणत, पूर्वीसारखंच. मग सीडी आल्या. नंबरवाल्यांचे पुढचे भाग एसटी स्टँडमागच्या टपरीवर मिळू लागले, त्यात नदी नव्हती. मामांनी दुकान बंद केलं. कॅसेटी मामींनी भंगारात घातल्या. सातवी तेवढी मामांनी ठेवून घेतली, पण ती लावायला चालू मशिन गावात उरलं नव्हतं.

त्यांना शेवटचं नीट पाहिलं ते त्यानंतर काही वर्षांनी, एका दुष्काळी मे महिन्यात. बंधाऱ्यातलं पाणी संपलं होतं आणि पात्र उघडं पडलं होतं. मामींनी मला निरोप पाठवला, "तुमचं दोस्त नदीत खोदत बसल्यात, दम लागतो त्यांला, जरा सांगा." मी गेलो. सकाळचे नऊ वाजले असतील. खडकाचा काळा पट्टा वर आला होता, पण खळगे कुठं दिसत नव्हते. इतक्या वर्षांच्या गाळानं सगळे काठोकाठ बुजले होते. मामा गुडघ्यावर बसून तिसरा रांजण उपसत होते. शेजारी खोरं, घमेलं, आणि वाकड्या दांड्याचा डाव, घरातून आणलेला. अर्ध्या माणसाएवढा गाळ बाहेर काढून ठेवला होता.

मी काही बोलायच्या आत काठावर एक मोटार थांबली. नातवाच्या हाताला धरून आप्पा उतरले. ऐंशीच्या पुढचे होते. नातवाला त्यांनी मोटारीपाशीच थांबवलं आणि काठी टेकत एकटेच खडकावरून आले.

"फिरायला आलो होतो," आप्पा म्हणाले.

शिरूरपासून ती जागा सकाळच्या फेरफटक्यासाठी जरा लांबच आहे. मामांनी मान डोलावली आणि खोरं चालवत राहिले.

"आणखी हातभर खाली आहे," आप्पा म्हणाले.

मामांचं खोरं थांबलं. "तुमाला म्हाईत दिसतंय."

"वाचलं होतं कुठंतरी."

मामांनी माझ्याकडं पाहिलं. डोळ्यांत काही नव्हतं, अगदी सरळ प्रश्न होता. "तुमच्या लायब्रीत हाय व्हय त्ये पुस्तक?"

"आहे," मी म्हणालो. "जुनं आहे. आता देत नाही कुणाला."

"आस्सं," मामा म्हणाले. उरलेला गाळ त्यांनी डावानं उपसून काढला. मग ते पालथे पडले, गाल खडकाला टेकवला आणि हात खांद्यापर्यंत आत घातला. त्यांचं तोंड आमच्याकडं होतं. त्यांना धाप लागली होती, टोपी घसरून बाजूला पडली होती. थोडा वेळ नुसती बोटं चाचपडत असावीत. मग ते म्हणाले, "हाय."

गोटा बाहेर काढला नाही. हात काढून विजारीला पुसला आणि आप्पांना म्हणाले, "या."

आप्पांनी काठी माझ्याकडं दिली. सदऱ्याची बाही वर केली, ती खांद्यापर्यंत जाईना म्हणून सदराच काढला. ते पांढरं धोतर चिखलात टेकवून ते हळूहळू आडवे झाले आणि हात आत घातला. खडक उतरता होता. मामा त्यांच्या पायांशी बसले आणि दोन्ही घोटे घट्ट धरले.

"लागला का?"

आतून, खडकातून आल्यासारखा, प्रार्थनेच्या वेळचा तो आवाज आला. "लागला."

"मग उठा आता. दम लागंल."

"थांबा जरा," आप्पा म्हणाले.

मामा घोटे धरून थांबले.